डोमारनं तोडे दिलेच नव्हते

डोमार डाकूनं फाटकवाल्याच्या बायकोच्या पायांत चांदीचे तोडे घातले आणि मंडपातल्या हजार-दोन हजार माणसांनी टाळ्यांचा कडकडाट केला, तेव्हा एकटी शांताबाई उठून उभी राहिली.

"खोटं आहे हे!" ती ओरडली. "साफ खोटं!"

ढोलकवाल्याचा हात क्षणभर थबकला. बायकोचं काम करणारा, दाढीच्या खुंटांनी निळसर गालांचा माणूस डोक्यावरचा पदर सावरत अंधारात कोण बोललं ते पाहू लागला. पुढच्या रांगांतून माना वळल्या. शांताबाईच्या शेजारी बसलेल्या परागनं, तिच्या मुलानं, तिचं मनगट धरून तिला खाली ओढलं.

"आई, बस नं! साहेब बसून राहिले समोर."

छत्तीसगढ राज्य होऊन एक वर्ष झालं होतं, त्याचा हा मेळा. रायपूर राजधानी झाली आणि गेल्या वर्षभरात शहराचा नूरच पालटला होता. जिथं तिथं नव्या पाट्या, नवी कार्यालयं, लाल दिव्यांच्या गाड्या. परागला मंत्रालयात सहायकाची जागा मिळाली म्हणून हे घर रेल्वेच्या वस्तीतून शंकर नगरला आलं होतं. त्याच्या साहेबांनी कार्यक्रमाचे पास दिले होते. एरवी गावात रात्रभर चालणारा नाचा, छत्तीसगढी लोकनाट्याचा खेळ, इथं संध्याकाळच्या दोन तासांत बसवला होता. ढोलक, तारांचा चिकारा, बायकांची सोंगं घेणारे पुरुष आणि सगळ्यांची टर उडवणारा म्हातारा जोक्कड, सगळं होतं. खेळाचं नाव 'डोमार डाकू' हे मात्र आत येईपर्यंत शांताबाईला कुणी सांगितलं नव्हतं.

ती बसली. पण रंगमंचावर फाटकवाल्याची बायको डोमारच्या पायांवर लोळण घेऊन "भैया, भैया" म्हणत रडत होती, ते तिला पाहवेना. पुन्हा उठली आणि रांगेतल्या गुडघ्यांना धक्के देत सरळ बाहेर निघाली. मागून पराग, त्याची बायको उल्का आणि कॉलेजात जाणारी नात मंजिरी.

ऑटोत पराग पुढं ड्रायव्हरशेजारी बसला. मंजिरीनंच विचारलं, "आजी, झूठ क्या था उसमें?"

"तोडे," शांताबाई म्हणाली. मग ऑटो शंकर नगरला वळल्यावर, "अन् रडनं."

दुसऱ्या दिवशी रविवार होता. सकाळी नऊच्या सुमारास फाटकाची कडी वाजली. उल्कानं दार उघडलं तर एक म्हातारा उभा. केसांना मेंदी, खांद्याला कापडी पिशवी, कपाळाच्या कडेला कालचा पांढरा रंग अजून राहिलेला. तो जोक्कड होता.

"काल एक बाई उठल्या होत्या," तो मराठीत म्हणाला. "त्यांचं घर हेच का? पासवाल्या साहेबांकडून पत्ता घेतला."

उल्का आत आली आणि कुजबुजली, "आई, तो नाचावाला आला. भांडाले आला का काय."

शांताबाई बाहेर आली. म्हातारा तिच्याकडे पाहतच राहिला. मग त्यानं पायांतल्या चपला काढल्या आणि अंगणातच उभा राहिला.

"माझं नाव बिसाहू. नाचाची पार्टी माझीच आहे. काल तुम्ही खोटं म्हणालात. काय खोटं होतं?"

"तुमी कोन?" तिनं विचारलं. "डोमारचे कोन?"

"भाऊ. लहाना."

परसातून पराग आला होता, तो जागीच थांबला. शांताबाईनं दाराच्या चौकटीला हात टेकला.

"कोनता लहाना? गाडीत होता तो?"

"हव," म्हातारा म्हणाला. "गाडीतला."

तिनं त्याला आत बोलावलं. खुर्ची दिली. उल्कानं चहा ठेवला. बिसाहू नऊ वर्षं नागपूरच्या जेलात होता, मराठी तिथंच शिकला, असं त्यानं आपणहून सांगितलं, जणू या घरचा चहा घेण्याआधी तेवढं सांगणं भाग होतं.

"पहिले मले एक सांगा," शांताबाई म्हणाली. "तुमच्या नाटकात डोमारले एवढ्याल्या मिशा काहून लावल्या? मिशा कुठं होत्या त्याले? दाढीचे खुंट होते. अन् चष्मा होता, एकाच दांडीचा. दुसरीकडून सुतळी कानाले बांधली होती."

बिसाहूनं कप खाली ठेवला.

"चष्मा!" तो म्हणाला. "गावात आता कुणाला आठवत नाही तो चष्मा."

मग चाळीस वर्षांत जे तोंडातून निघालं नव्हतं ते शांताबाई सांगू लागली. एकदा सुरू झाल्यावर थांबली नाही.

दरेकसा आणि बोरतलावच्या मधल्या जंगलात एक फाटक होतं. साग, साज, पळस आणि त्यातून जाणारी एक बैलगाडीची वाट रूळ ओलांडायची, त्या वाटेवरचं फाटक. बाजूला दगडी खोली, विहीर, आणि दिवसाला जेमतेम दहा गाड्या माणसांशी बोलल्यासारख्या शिट्या घालत जायच्या. गेटमन नत्थू शहारे, बावीस वर्षांची त्याची बायको शांता, आणि आठ महिन्यांचा पराग. महाराष्ट्र राज्य नुकतंच झालं होतं आणि नव्या नकाशावरची रेघ त्याच जंगलातून गेली होती. रेघ म्हणजे काय, एक ओढा. ओढ्याच्या या बाजूला मुंबईचा हुकूम, त्या बाजूला भोपाळचा. डोमारची टोळी या बाजूला घर फोडायची आणि ओढा ओलांडून त्या बाजूला निजायची. पोलीस काठापर्यंत यायचे, कागदावर लिहायचे आणि परत जायचे.

त्या पौषात नत्थूला हिवताप भरला. बदली माणूस मागितला, तो आला नाही. चार दिवस फाटक शांतानं चालवलं. झेंडे कसे धरायचे, दिवा कसा पुसायचा, कोणती गाडी किती वाजता, हे सगळं नत्थूनं तिला लग्न होऊन आल्यापासून शिकवलं होतं. दोन माणसांच्या जंगलात दुसरं शिकवणार तरी काय. लाल डब्यातले फटाकेही तिला माहीत होते. रुळावर बांधायचे ते चपटे डबे असतात. इंजिन वरून गेलं की धडाम् आवाज होतो आणि ड्रायव्हर जिथं असेल तिथं गाडी उभी करतो.

पाचव्या दिवशी भर दुपारी सात माणसं झाडीतून बाहेर आली. सगळ्यांच्या खांद्यांवर बंदुका. चष्मावाला पुढं होता. तो सतत खोकत होता.

"नागपूरची पॅसेंजर येईल," तो म्हणाला. "लाल झेंडा दाखव. गाडी फाटकावर उभी राहिली पाहिजे."

त्याच्या भावाला राजनांदगावजवळ पकडलं होतं. नागपूरला खटला होता, म्हणून त्याला बेड्या घालून त्याच गाडीनं नेत होते. सोबत सहा शिपाई. फाटकाच्या दोन्ही अंगांना खडक होते. टोळी त्यांच्या आड बसणार होती.

शांतानं खोलीत पाहिलं. नत्थू कांबळ्यात कुडकुडत उठायची धडपड करत होता. एका डाकूनं बंदुकीच्या नळीनं त्याला पुन्हा आडवा केला. पाळण्यात पोरगा झोपला होता. तिच्या डोळ्यांसमोर गाडीचे डबे आले. बाजाराला निघालेल्या बाया, सासरी चाललेल्या पोरी, खिडकीशी लटकलेली लेकरं. सहा बंदुका आतून, सात बाहेरून, आणि मधे हे सगळे.

"फाटकावर लाल दाखवून गाडी फाटकावर नाही थांबत," ती म्हणाली. "उतारानं भरधाव येते. थांबता थांबता चार डबे पुढं निघून जातील, तुमचा भाऊ कोनत्या डब्यात ते देवाले माहीत. पाऊन मैल पुढं जाऊन फटाके लावा लागते. मग हळूहळू येते अन् इथं थांबते."

हे अर्धं खरं होतं. डोमारनं चष्म्यातून तिच्याकडे पाहिलं. मग एका माणसाला तिच्यासोबत धाडलं आणि बोटानं खोली दाखवली. बाकी सांगायची गरज नव्हती.

ती रुळांतून चालत गेली. दहा-दहा पावलांवर तीन फटाके बांधले. पट्ट्या नीट वळवल्या. गाडीचा धूर दिसला तसा सोबतचा माणूस पळसाच्या झुडपात बसला, कारण खिडक्यांतून शिपायांना त्याची बंदूक दिसली असती. तेवढंच तिला हवं होतं. ती फटाक्यांच्या अलीकडे, फाटकाच्या बाजूला धावली. लाल झेंडा दोन्ही हातांनी डोक्यावर धरला. धडाम्, धडाम्, धडाम्. ब्रेक करकरले आणि इंजिन तिच्यापासून बैलगाडीभर अंतरावर उभं राहिलं.

झुडूप डावीकडे होतं. ती इंजिनाच्या उजव्या बाजूला गेली.

"पुढं फाटकावर बंदुकवाले हाय," तिनं ड्रायव्हरला सांगितलं. "सात जन. गाडी मांगं घ्या. बोरतलावले घेऊन जा."

ड्रायव्हर म्हातारा होता, वाद घालत बसला नाही. त्यानं गार्डला शिटी दिली आणि तिला हात पुढं केला. "वर चढ, बाई. चल."

"माहा पोट्टा तठी आहे," ती म्हणाली.

गाडी मागं सरकू लागली. झुडपातला माणूस तोवर आडव्या वाटेनं पळत सुटला होता. शांता रुळांतून परत निघाली. पळाली नाही, चालत गेली. वाटेत एकदा ती खाली बसली, मग उठली.

फाटकावर पोचली तर डोमार उभाच होता. निरोप्या तिच्याआधी पोचला होता. एकानं बंदुकीचा दस्ता हाणला, तिनं हात आड केला आणि मनगट काडकन् वाजलं. डोमारनं त्याला मागं सारलं. नळी तिच्या छातीवर टेकवली.

"गाडी तूच परत पाठवली?"

"हो."

"मग परत काहून आली? चढली काहून नाही गाडीत?"

"माहा नवरा इथं, माहा पोट्टा इथं. अन् फाटक उघडं आहे. दुसऱ्या लाइनीवर मालगाडीची वेळ झाली. कोनाची बैलगाडी मधात आली तर?"

डोमार खोकला, पण नळी हलली नाही. किती वेळ गेला ते तिला सांगता येत नव्हतं. मग लांबून रुळांवर बुटांचे आवाज आले. गाडीतून उतरलेले काही शिपाई चालत येत होते. डोमारनं नळी खाली केली. त्याच्या माणसांनी जाता जाता खोलीबाहेरच्या दोन कोंबड्या उचलल्या आणि नत्थूच्या अंगावरचं कांबळं ओढून घेतलं. ओढ्याकडे गेले आणि दिसेनासे झाले. शांतानं डाव्या हातानं फाटक लावलं. मालगाडी गेली.

"बस, एवढंच," शांताबाई म्हणाली. "तोडे-गिडे कोनी दिले नाही. माह्या दोन कोंबड्या नेल्या तुमच्या भावानं. अन् तापातल्या मानसाचं कांबळं."

मंजिरी दारात उभी होती. ती कधी आली होती कुणास ठाऊक.

बिसाहूनं तोंडावरून हात फिरवला. "हिरवं लुगडं होतं," तो म्हणाला. "मी खिडकीशी होतो. हात बाकाला बांधलेले. गाडी मागं जायला लागली तेव्हा मला समजलं. मी तुम्हाला ओरडून शिवी दिली होती."

"ऐकूच नाही आली. इंजन वाफ सोडून राहिलं होतं."

तो हसला आणि हसता हसताच त्याचे डोळे भरून आले. "नऊ वर्षं तीच शिवी जेलात देत होतो. मग एकदा तो म्हातारा हवालदार भेटला, ज्याच्या बेडीला मी होतो. तो म्हणाला, बाबू, त्या दिवशी गाडी फाटकावर थांबली असती तर पहिली गोळी तुलाच होती. तसा हुकूमच होता, सोडवायला आले तर आधी हा. त्या दिवसापासून शिवी बंद झाली. पण तुम्ही कोण, कुठल्या, काही माहीत नव्हतं. फाटकवाला नत्थू म्हणून ऐकलं होतं फक्त."

"मग नाटकात मले काहून रडवता?"

म्हाताऱ्यानं चपला शोधल्यासारखं खाली पाहिलं.

"मी सुटलो तेव्हा डोमार मेला होता. मला पकडलं त्याच्या दुसऱ्याच उन्हाळ्यात, ओढ्याच्या काठावर. कोणत्या राज्याच्या पोलिसांनी मारला यावरसुद्धा भांडण झालं. गावात लोक म्हणायचे, डोमार गरिबाचा वाली होता. मलाही तसाच हवा होता, बाई. त्यानं मला खांद्यावर घेऊन मडईची जत्रा दाखवली होती. तोडे त्यानं नाही घातले, मी घातले. तीस वर्षं लोक त्याच तोड्यांवर टाळ्या देऊन राहिले."

शांताबाईला त्याचा राग यायला हवा होता. आला नाही.

"त्यानं गोळी नाही मारली," ती म्हणाली. "काहून नाही मारली ते मले आजवर नाही समजलं. पन नाही मारली. ते दाखवा नं. त्यात काय कमी आहे?"

"आणि कोंबड्या?"

"कोंबड्याबी दाखवा. नेल्या तर नेल्या."

बिसाहू गेला तो हे कबूल करून की तीन आठवड्यांनी भनपुरीच्या मडईत खेळ आहे, तिथं नवा डोमार उभा करू. त्याआधी तिनं एकदा तालीम पाहून जावी.

पराग इतका वेळ भिंतीला टेकून उभा होता. दार लागल्यावर तो म्हणाला, "म्हणजे बाबांचं सर्टिफिकेट."

समोरच्या भिंतीवर ते होतं. गेटमन नत्थू शहारे यांच्या दक्षतेमुळे मोठी हानी टळली, खाली साहेबाची सही. चार वर्षांपूर्वी नत्थू गेला, तेव्हापासून त्याला हारही होता.

"ते मीच म्हनलं होतं," शांताबाई म्हणाली. "चौकशीले साहेब आला, मी सांगलं, हे तापात उठले, ह्यायनंच मले फटाके देऊन धाडलं. ड्रायव्हरलेबी तसंच सांगा म्हनलं. फाटक बायकोच्या हाती देलं हे कागदावर आलं असतं तर नोकरी राहिली असती का? तुह्या बाबाले नव्हतं पाहिजे ते. कोनी शाबासकी दिली की ते माह्या हाताकडे पाहत. जायच्या आधीबी म्हनाले, एकदा सांगून टाक. माह्यानंच नाही झालं."

"काहून नाही झालं? बाबा गेल्यावर तरी?" परागचा आवाज चढला. "पूरी जिंदगी मी लोकांना सांगत आलो. शाळेत निबंध लिहिला मी बाबांवर."

"तुह्यामुळं," ती म्हणाली.

त्याला कळेना.

"तू पाळन्यात होता. बंदुका होत्या तठी. तरी मी गाडी मांगं पाठवली. त्यायनं तुले मारलं असतं तर? कोनती माय असं करते? चाळीस वर्सं हेच मनात. तुले समजलं तर तू मले विचारशील, अन् मी काय सांगू?"

पराग खुर्चीवर बसला. उल्कानं त्याच्या खांद्यावर हात ठेवला, तो त्यानं बाजूला केला नाही. त्यानं विचारलं, अगदी लहान मुलासारखं, "मग काय विचार करून पाठवली?"

"विचाराले वेळ कुठं होता, पराग. गाडीत तीनशे-चारशे मानसं असतीन. त्यायचेबी पाळने होते. अन् मले वाटलं, मी परत गेली तर तुले काही करनार नाही. काहून वाटलं ते नको विचारू. वाटलं."

तो उठून गच्चीवर गेला. आठवडाभर घरात तो कामापुरतंच बोलला. शांताबाईनंही त्याला छेडलं नाही. सांगून टाकल्यावर तिच्या छातीवरचा दगड उतरला होता आणि तरी पोराचं हे गप्प बसणं तिला दस्त्याच्या घावापेक्षा जड जात होतं.

तालमीला तिला मंजिरी घेऊन गेली, स्कूटीवर मागं बसवून. भनपुरीत ट्रकांच्या अड्ड्यामागं एका गोदामात पार्टी उतरली होती. बायकोचं काम करणाऱ्या माणसाचं नाव लहानू. त्यानं लाल झेंडा आरतीच्या ताटासारखा हलवला.

"अरे, असा नाही," शांताबाई म्हणाली. "ड्रायव्हर काय पाहील? दोन्ही हात वर. कापड ताणून धर. पाय रोवून उभा राहा. तू घाबरला असला तर गाडीले दिसलं नाही पाहिजे."

"अम्मा, वापस जाते टाइम रोना है क्या?" लहानूनं विचारलं.

"नाही. एकदा खाली बसाचं. मग उठाचं."

लहानूनं ते करून दाखवलं. ढोलकवाला आपोआप थांबला. बिसाहू कोपऱ्यातून म्हणाला, इथं ढोलक नकोच.

मडईच्या दिवशी भनपुरीत पाऊल ठेवायला जागा नव्हती. जवळच्या उरला वसाहतीतल्या कारखान्यांतून पाळी संपवून आलेले कामगार, ट्रकवाले, क्लीनर, पाऱ्यापाऱ्यांतून, वस्त्यावस्त्यांतून आलेल्या बाया. उन्हं उतरत होती, हवेत ट्रकांची धूळ आणि भज्यांचा वास. शांताबाई उल्का आणि मंजिरीसोबत दुसऱ्या रांगेत सतरंजीवर बसली. पराग कामाचं निमित्त सांगून सकाळीच बाहेर पडला होता.

खेळ सुरू झाला. सुतळीच्या चष्म्याचा डोमार आला तसे लोक हसले. मग तो खोकला, आणि त्यानं झोपडीकडे नळी वळवली, तेव्हा हसू थांबलं. फटाके वाजले. लहानू दोन्ही हात वर करून उभा राहिला. गाडी मागं गेली. जोक्कड झालेला बिसाहू बेड्या घालून खिडकीतून शिव्या देत होता आणि या वेळी कुणीच हसलं नाही. मग लहानू परत निघाला. ढोलक नाही, चिकारा नाही. अर्ध्यात तो खाली बसला.

"उठ, दीदी, उठ!" मागून एक ट्रकवाला ओरडला.

तो उठला. आणि सगळी मडई उठली. शिट्ट्या, टाळ्या, पागोटी हवेत. डोमारनं नळी खाली केली तेव्हा टाळ्या त्यालाही मिळाल्या, आणि कोंबड्या पळवल्या तेव्हा हशाही पिकला. बिसाहूनं माइक हातात घेतला. रंग ओघळलेल्या चेहऱ्यानं तो छत्तीसगढीत म्हणाला की ही बाई सोंग नाही, ती इथंच बसली आहे, आणि मी जिवंत आहे तो तिच्यामुळं.

शेजारच्या बायांनी शांताबाईला ढकलत पुढं नेलं. तेवढ्यात गर्दीतून तिला आवाज आला, ओळखीचा, घोगरा झालेला. मंडपाच्या खांबाशी पराग उभा होता. केव्हापासून उभा होता देव जाणे. शेजारचा सरदारजी त्याला विचारत होता, कोण आहे ही, आणि पराग दोन्ही हात तोंडाभोवती धरून सगळ्या भनपुरीला ऐकू जाईल असा ओरडत होता, "मेरी माँ है! माझी आई आहे ती! मी होतो त्या पाळण्यात!"

माइक तिच्या हातात आला. तिला बोलायची सवय नव्हती. उभ्या जन्मात तिनं नवऱ्याचं नाव तोंडातून काढलं नव्हतं. लग्नातला उखाणासुद्धा तिनं तोंडातल्या तोंडात पुटपुटला होता. तिनं पदर खोचला.

"मी शांताबाई," ती म्हणाली, आणि आपलाच आवाज कर्ण्यातून एवढा मोठा ऐकून जरा थांबली. "शांताबाई नत्थू शहारे. फाटक माह्या हाती होतं. पन झेंडा धराले मले नत्थूजीनं शिकवलं. नत्थू शहारे. तापात असून उठाले धडपडले ते, माह्यासाठी. त्यायचंबी नाव घ्या."

घेतलं. पहिल्यांदा परागनं आरोळी दिली, मग ट्रकवाल्यांनी, मग साऱ्या मडईनं. शांताबाईनं माइक बिसाहूच्या हातात दिला आणि खाली येऊन मुलाच्या शेजारी उभी राहिली, ताठ, जशी ड्रायव्हरला लांबून दिसावी तशी.